भांडण बिल फाडायच्या आधीच ठरलेलं असतं

व्यापाऱ्यांच्या एका ग्रुपवर परवा ‘उत्तम ग्राहकसेवेचे दहा मंत्र’ असा फॉरवर्ड आला. पहिलाच मंत्र : चेहऱ्यावर सतत हसू ठेवा. हे ज्यानं लिहिलंय त्यानं एकदा जुलै महिन्यात कोल्हापुरात चपलांचं दुकान चालवून बघावं. भिजून फुगलेलं, वास मारणारं पायताण काउंटरवर आपटून माणूस विचारतोय, "ह्यो काय माल दिलासा?" आणि आपण हसतोय! हसलो की तो आणखी पेटतो. त्याच्या जागी मी असते तरी पेटले असते.

आमचं दुकान सासऱ्यांच्या काळापासनं आहे, काउंटर बरीच वर्षं माझ्याकडं आहे. इतकी भांडणं बघून माझं एक मत पक्कं झालंय. दुकानातली बहुतेक भांडणं गिऱ्हाईक घेऊन येत नाही. आपणच ती त्याच्या पिशवीत घालून दिलेली असतात.

कशी, ते सांगते. हाताची अस्सल कोल्हापुरी म्हणजे हिरडा आणि बाभळीच्या सालीत कमावलेलं कातडं, आणि शिलाईसुद्धा कातड्याच्याच वादीची. खिळा नाही. हे कातडं पाणी पितं. नवी चप्पल सुरुवातीला अंगठ्याला नाहीतर पट्ट्याला चावते, मग तेल पाजलं की हळूहळू पायाला बसते आणि सैल होते. म्हणून घेताना ती जरा घट्टच घ्यायची असते. एवढं सांगायला दोन मिनिटं पुरतात. पण नवरात्रात, नाहीतर जोडून सुट्ट्या आल्या की अंबाबाईचं दर्शन करून पुण्या-मुंबईची माणसं थव्यानं येतात, तेव्हा ती दोन मिनिटं कुणाकडं नसतात. मग विकणारा पोरगा काय म्हणतो? "बिनधास्त वापरा, काय होत नाही." या एका वाक्यानं कोल्हापुरात जेवढी भांडणं लावलीत तेवढी गावकीनंसुद्धा लावली नसतील.

त्यामुळं आमच्यात एकच नियम. बिल फाडायच्या आधी पाणी, तेल आणि चावणं या तीन गोष्टी बोलायच्याच. विक्री गेली तरी चालेल. भर पावसात आंबोलीला निघालेलं एक जोडपं आलं होतं. आमच्या पोरानं त्यांना सरळ सांगितलं, "दादा, ही आत्ता नका घेऊ, तिकडं दोन दिवसांत वाट लागंल हिची." त्यांनी समोरच्या दुकानातनं रबरी सँडल घेतल्या आणि गेले. दिवाळीत ते आठवणीनं परत आले का? नाही. दरवेळी परत येतातच असं काही नाही. पण भांडायलाही आले नाहीत.

तरी चिडलेला माणूस यायचा तो येतोच. अशा वेळी काय करायचं, हे मी आमच्याकडच्या सगळ्यात जुन्या पोराकडं बघून शिकले. तो आधी बोलतच नाही. चप्पल दोन्ही हातांनी उचलतो, उलटी करतो, तळ अंगठ्यानं दाबून बघतो, शिलाईवरनं बोट फिरवत सुटलेल्या जागेपाशी थांबतो. तोवर समोरच्याचा आवाज निम्म्यावर आलेला असतो, कारण आपली वस्तू कुणीतरी नीट बघतंय हे त्याला दिसतं. मग पोरगा विचारतो, "पहिल्यांदा कुठनं सुटायला लागली?" "पावसात घातली होती काय?" असं तो कधी विचारत नाही. तो प्रश्न नसतो, आरोप असतो, आणि आरोप केला की माणूस वकील होतो. सुटायला कुठनं लागली म्हटल्यावर तोच आपण होऊन सांगतो, "परवा पंचगंगेवर पाणी बघायला गेलतो, तिथं जरा भिजली बघा." झालं. इथनं पुढं दोघं मिळून चपलेकडं बघतात.

मग उपाय सांगायचा, आणि तारीख सांगायची. सावलीत वाळवू, तेल देऊ, सुभाषनगरातल्या आमच्या कारागिराकडनं शिलाई मारून घेऊ, इतके पैसे पडतील, शनिवारी संध्याकाळी न्या. "बघूया", "या चार-आठ दिवसांनी" हे शब्द दुकानातनं हद्दपार करायला पाहिजेत. माणूस थांबायला तयार असतो, पण कधीपर्यंत थांबायचं हेच माहीत नसलं की त्याचं डोकं फिरतं. पावसानं चामडं वाळलं नाही तर शुक्रवारीच फोन करायचा. शनिवारी तो पार कागलवरनं यायचा आणि मग आपण "अजून न्हाई झालं" म्हणायचं, असलं करायचं नाही.

आता ‘एकदा विकलेला माल परत घेतला जाणार नाही’ या पाटीबद्दल. पुणेरी पाट्यांना आपण हसतो, आणि ही पाटी मात्र आपल्या निम्म्या बाजारात लटकलेली असते. २०१९ चा ग्राहक संरक्षण कायदा जुलै २०२० पासून लागू आहे. सदोष माल बिलात लिहिलेल्या मुदतीत, आणि मुदत लिहिली नसेल तर ३० दिवसांत परत घ्यायला नकार दिला, तर ती अनुचित व्यापारी प्रथा ठरते. बिल न देणं हीसुद्धा. म्हणजे पाटी कितीही मोठ्या अक्षरात रंगवली तरी तिचा उपयोग शून्य. गिऱ्हाइकांनीही हे नीट वाचावं. कायदा सदोष मालाबद्दल बोलतोय. "घरी गेल्यावर मिसेसना रंग आवडला नाही" हा दोष चपलेचा नाही. न वापरलेला जोड आम्ही तरीही बदलून देतो, पण ती आमची खुशी आहे. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनला फोन लावायची धमकी त्यासाठी देऊ नये.

दुसरा प्रकार जाणकारांचा. जून २०२५ मध्ये प्राडा या इटलीच्या फॅशन कंपनीनं मिलानच्या शोमध्ये कोल्हापुरीसारख्याच चपला दाखवल्या, आधी आपलं नावही घेतलं नाही, आणि गदारोळ झाल्यावर मूळ कुठलं ते मान्य केलं. तेव्हापासनं दुकानात येणारा प्रत्येक तिसरा माणूस तज्ज्ञ आहे. त्यातला एखादा जोड उलटापालटा करतो आणि चारचौघांत ओरडतो, "ही अथणीची आहे! कर्नाटकचा माल कोल्हापुरी म्हणून खपवताय!" आता कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं ते महाराष्ट्रातले ४ आणि कर्नाटकातले ४ जिल्हे मिळून. आपल्याकडचे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, तिकडचे बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर. अथणी बेळगाव जिल्ह्यात येते, म्हणजे ती चप्पलही हक्कानं कोल्हापुरीच. पण त्यानं ओरडल्यावर हे सांगितलं की सारवासारव वाटते. तीच माहिती दाखवताना आधीच दिली, "हा जोड कापशीचा, हा अथणीचा, हा मशीनचा म्हणून स्वस्त," की तोच माणूस शेजारच्याला समजावून सांगायला लागतो. ऑनलाईन तीनशेला मिळते म्हणणाऱ्यालाही हेच. हाताचा आणि मशीनचा, दोन्ही जोड हातात द्यायचे, टोमणा मारायचा नाही.

इथवरचं सगळं जमण्यासारखं आहे. पुढचं जरा कडू आहे.

काही माणसं मालावर चिडलेली नसतातच. त्यांना कुणालातरी खाली बघायला लावायचं असतं, आणि समोर पायाशी बसून चप्पल घालून दाखवणारा पोरगा आयता मिळतो. "ए, तुला कळतं का काय?" इथनं सुरुवात होते आणि "पायतानानं हाणीन" पर्यंत जाते. (आमच्या धंद्यात ही धमकी जरा जपूनच घ्यावी लागते, हत्यार भिंतभर लटकलेलं असतं.) अशा वेळी बरेच मालक पोरालाच झापतात, गिऱ्हाइकाला माफी मागतात आणि विक्री वाचवतात. मला हे अजिबात पटत नाही. मी काउंटर सोडून बाहेर येते, पोराला आत गोडाऊनमध्ये पाठवते आणि म्हणते, "दादा, आता माझ्याशी बोला. चपलेचं काय ते बोलू, पोराला शिवी नको." बहुतेक जण गप्प होतात. जे होत नाहीत, त्यांचे पैसे मोजून परत देते आणि जोड ठेवून घेते.

कोल्हापूरच्या माणसाला हे नवीन वाटू नये. राजवाड्यावर कामाला असलेल्या, त्या काळी अस्पृश्य ठरवलेल्या समाजातल्या गंगाराम कांबळेंना पाण्याच्या हौदाला शिवले म्हणून मारहाण झाली. तेव्हा शाहू महाराजांनी त्यांना भाऊसिंगजी रोडला चहाचं हॉटेल काढायला मदत केली. गिऱ्हाईक फिरकेना, तर महाराज स्वतः गाडी थांबवून तिथला चहा घ्यायचे, बरोबरच्यांनाही पाजायचे. माझ्या धंद्याच्या नजरेनं मी त्यातलं एवढंच घेते : अपमान करणाऱ्या गिऱ्हाइकाची मर्जी सांभाळत ते बसले नाहीत, काम करणाऱ्याच्या शेजारी उघडपणे जाऊन उभे राहिले.

आणि रांगडेपणाचं कौतुक आता पुरे. "आमचं कोल्हापूर असंच, तोंडावर बोलणार" म्हणत दुकानदार उर्मटपणा करतो आणि गिऱ्हाईकही करतं. तोंडावर बोलायचंच असेल तर चप्पल पावसात टिकणार नाही हे तोंडावर बोला की. तिथं मात्र सगळे मधाळ होतात.

पोरांचं आणखी एक. सकाळपासनं उभा असलेला, तीन वाजेपर्यंत जेवलेला नसलेला पोरगा गोड बोलंल कसा? केरळनं २०१८ मध्ये आणि तमिळनाडूनं २०२१ मध्ये दुकानातल्या कामगारांना बसायची सोय देणं कायद्यानं बंधनकारक केलं. आपल्याकडं त्यासाठी कायद्याची वाट कशाला बघायची? आम्ही दोन स्टुलं ठेवलीत, गिऱ्हाईक नसताना बसायचं. "मालक असताना पोरं बसतात" म्हणून बाजारात नावं ठेवणारेही भेटले. ठेवू देत.

गुगलवर एक स्टार देईन म्हणणाऱ्यांसाठी जास्त शब्द घालवत नाही. उत्तर एकदाच द्यायचं, चार ओळींत, काय झालं आणि आम्ही काय देऊ केलं एवढंच. खाली वाद घालत बसायचं नाही.

एका प्रकारावर मात्र माझ्याकडं अजून तोड नाही. खुर्चीत बसून व्हिडिओ कॉल लावणारे. तिकडनं बहीण म्हणते टॅन, आई म्हणते काळी, वहिनी म्हणते गोंड्याची दाखवा, आणि पोरगा एका हातात मोबाईल, दुसऱ्या हातात चप्पल धरून आख्ख्या खानदानाला भिंत दाखवत फिरतोय. एका तासानं उत्तर येतं, "दिवाळीला आलो की बघू." दुकानदार मंडळी, तुमच्याकडं यावर काही औषध असेल तर कमेंटमध्ये टाका. टॅन, काळी, गोंड्याची, सगळ्या पेट्या आत्ता उघड्याच पडल्यात.