शून्य चॅनेल दिसली म्हणून ट्यूनर गेला असं होत नाही

टीव्हीवर चॅनेल येत नसतील तर काय करायचं, याची एक 'रामबाण' यादी बरेच दिवस फिरते आहे. कुणी तक्रार केली रे केली की दुसरं कुणीतरी ती चिकटवून मोकळं होतं. मजकूर साधारण असा: स्कॅन करून एकही चॅनेल सापडलं नाही तर ट्यूनर (सिग्नलमधून चॅनेल शोधणारा टीव्हीतला भाग) गेला असं समजा. खात्रीसाठी ऑटो स्कॅन पुन्हा पुन्हा करून बघा. नाहीच जमलं तर फॅक्टरी रिसेट मारा. तरी शून्यच आलं तर सिग्नल कमी आहे, बूस्टर लावा. अँटेना जुना असेल तर 'फोर-के डिजिटल' अँटेना घ्या. आणि टीव्ही स्मार्ट असेल तर वाय-फाय चालू ठेवा, चॅनेल आपोआप येतील.

यातली बहुतेक वाक्यं कुठल्या ना कुठल्या घरात खरी ठरलेली असणार, म्हणून तर यादी टिकून आहे. पण तिचा क्रमच उलटा आहे. जे क्वचित घडतं ते सगळ्यात वर, जे केल्याने आणखी बिघडू शकतं ते मधे, आणि जे दोन मिनिटांत तपासून होतं ते यादीत नाहीच.

त्यातलंही सगळ्यात आधीचं आधी सांगून टाकतो. तुमची चॅनेल सेट-टॉप बॉक्समधून एचडीएमआयने येत असतील, तर टीव्हीच्या मेनूतून स्कॅन करण्यात काहीच अर्थ नाही. शोधण्याचं काम बॉक्सचा ट्यूनर करतो, टीव्ही त्या वेळी नुसता पडदा असतो. अशा घरात टीव्हीचा स्कॅन शून्य दाखवणारच, कारण त्याच्या अँटेना सॉकेटला काही जोडलेलंच नाही. रिमोटवर सोर्सचं बटण दाबायचं, बॉक्स ज्या एचडीएमआयला आहे तो निवडायचा, काम झालं. 'टीव्ही बिघडला' म्हणून ओरड होणाऱ्या कितीतरी घरांत रिमोटवर कुणाचं तरी बोट पडून सोर्स बदललेला असतो, एवढंच.

आता ट्यूनरकडे वळू. स्कॅनमध्ये टीव्ही काय करतो? ठरलेल्या पट्ट्यातल्या एकेका फ्रिक्वेन्सीवर थांबतो, ओळखीचा सिग्नल मिळतो का पाहतो, मिळाला तर वाचतो, नाहीतर पुढे सरकतो. डीव्हीबी या डिजिटल प्रसारण पद्धतीच्या बहुतेक देशांत यूएचएफ या टीव्हीच्या पट्ट्यातले हे थांबे 8 मेगाहर्ट्झच्या अंतराने असतात: 21 क्रमांकाचा 474 मेगाहर्ट्झवर, 22 चा 482 वर, असे पुढे. अमेरिकेत आणि जपानमध्ये हे अंतर 6 मेगाहर्ट्झ. डिजिटलमध्ये एका थांब्यावर सहसा एकच चॅनेल नसतं, अनेक चॅनेलांचा गठ्ठा असतो. त्याला मल्टिप्लेक्स म्हणतात.

म्हणूनच काय गायब आहे, त्यावरून पुष्कळ कळतं. चार-सहा चॅनेल एकदमच गेली आणि बाकीची ठणठणीत असली, तर एका गठ्ठ्याची अडचण आहे: त्या फ्रिक्वेन्सीवर अडथळा असेल किंवा प्रक्षेपकावर काम चाललं असेल. सगळंच शून्य असेल तर मुख्यतः दोन शक्यता राहतात. एक तर सिग्नलची वाट कुठेतरी पार तुटली आहे, नाहीतर टीव्ही भलत्याच ठिकाणी शोधतो आहे. ट्यूनर त्या वाटेवरचा शेवटचा मुक्काम. त्याच्याआधी अँटेना आहे, बाहेरचा जोड आहे, केबल आहे, एका केबलच्या दोन-तीन वाटा करणारा स्प्लिटर आहे, भिंतीतलं सॉकेट आहे, टीव्हीच्या मागची पिन आहे. जवळपास वीज पडली तर ट्यूनर जळतो, नाही असं नाही. पण तो गेलाय हे सिद्ध करायला स्कॅनचा निकाल पुरत नाही. तीच केबल दुसऱ्या चालू टीव्हीला लावा. तिथे चॅनेल आली तर संशय पहिल्या टीव्हीवर, आणि तेव्हाही आधी त्याच्या सेटिंगवर. तिथेही शून्यच आलं तर टीव्हीला दोष देणं बंद करा आणि केबल धरून उलटे मागे जा.

केबल धरून म्हणजे अक्षरशः हातात धरून. तिच्या टोकाचा कनेक्टर काढून नीट बघा. बाहेरचं आवरण, त्याच्या आत बारीक तारांची जाळी, जाळीखाली चंदेरी फॉइल, मग पांढरा प्लॅस्टिकचा थर आणि मधोमध तांब्यासारखी दिसणारी एक जाड तार. स्क्रूवाल्या एफ कनेक्टरमध्ये ही मधली तार कडेच्या दोन-तीन मिलिमीटर बाहेर यायला हवी. ती आतच राहिली असेल तर स्क्रू कितीही घट्ट फिरवा, संपर्क होत नाही. जाळीचा केसाएवढा एखादा तंतू वळून मधल्या तारेला टेकला असेल तर शॉर्ट. तार हिरवट पडली असेल किंवा जाळी काळी आणि ओलसर लागत असेल, तर बाहेरच्या जोडातून पाणी शिरलंय. हे पाणी जाळीतून झिरपत आत बरंच लांब जातं, त्यामुळे तेवढं टोक कापून नवा कनेक्टर लावून नेहमीच भागत नाही. केबलच बदलावी लागते.

'पुन्हा पुन्हा स्कॅन करा' या सल्ल्याचा मला खरं तर रागच येतो. स्कॅन ही तपासणी आहे, उपचार नव्हे. थर्मामीटर पाच वेळा लावून ताप उतरत नाही. शिवाय बरेच टीव्ही नवा स्कॅन सुरू करताना जुनी यादी पुसतात. समजा सिग्नल तासाभरासाठीच गेला होता. काही केलं नसतं तर चॅनेल आपोआप परतली असती. तुम्ही मधेच स्कॅन केला आणि हातातली यादीही गेली. हवेचा दाब जास्त असतो तेव्हा वातावरणाच्या खालच्या थरातून लांबच्या प्रक्षेपकांचे सिग्नल भलतीकडे पोचतात आणि जवळच्या सिग्नलमध्ये मिसळतात. अशा वेळी रीट्यून करू नका, हवामान बदलेपर्यंत थांबा, असं प्रसारकच सांगतात.

स्कॅनऐवजी मॅन्युअल ट्यूनिंगचा पडदा उघडा. बहुतेक संचांत तिथे दोन पट्ट्या दिसतात, सिग्नलची ताकद आणि सिग्नलचा दर्जा. दोन्ही शून्य: केबल, जोड, अँटेना, नाहीतर बंद पडलेला बूस्टर. ताकद भरपूर आणि दर्जा शून्य: टीव्हीपर्यंत काहीतरी पोचतंय, पण ते उलगडत नाही. हा फरक कळला की निम्मं काम झालं. डिजिटलमध्ये चित्र हळूहळू मुंग्या येत खराब होत नाही. दर्जा एका मर्यादेखाली गेला की चौकटी फुटतात आणि मग एकदम काळोख. त्यामुळे 'काल तर छान दिसत होतं' यावरून सिग्नल काल भक्कम होता असं ठरत नाही. तो काठावर असू शकतो, आणि आज कनेक्टर जरासा ढिला झाल्याने काठाखाली गेला असेल.

एक गोष्ट मात्र यादीच्या बाजूने सांगायला हवी. फ्रिक्वेन्सीच बदलल्या असतील तर रीस्कॅन हाच उपाय. अमेरिकेत 2017 ते 2020 या काळात सुमारे हजार स्टेशनं नव्या फ्रिक्वेन्सींवर हलवली गेली, कारण 600 मेगाहर्ट्झचा पट्टा मोबाइल सेवेला दिला होता. तिथे तर दुहेरी रीस्कॅन सुचवला जातो. आधी अँटेना काढून स्कॅन करायचा, म्हणजे जुनी यादी पुरती रिकामी होते, आणि मग अँटेना जोडून पुन्हा. पण अशा बदलाची सूचना प्रसारक आधी देतात. ती नसेल तर पहिल्यांदा ताकद-दर्जाच्या पट्ट्या बघाव्यात, हे बरं.

फॅक्टरी रिसेटने कधीकधी खरंच फरक पडतो, आणि तो का पडतो हे समजलं की रिसेटची गरजच उरत नाही. रिसेटनंतर टीव्ही देश विचारतो. देशावरून तो कोणत्या पद्धतीने, कोणत्या पट्ट्यात आणि किती अंतराने शोधायचं ते ठरवतो. युरोपात डीव्हीबी-टी किंवा टी-2, अमेरिकेत एटीएससी, जपानमध्ये आयएसडीबी-टी, चीनमध्ये डीटीएमबी. देश चुकीचा नोंदला गेला असेल तर अँटेना कितीही उत्तम असो, हाती शून्य. पण देशाचं सेटिंग बहुतेक वेळा मेनूतूनच बदलता येतं. त्यासाठी पासवर्ड, चित्राची सेटिंग, अ‍ॅप्स असं सगळं पुसायचं कशाला? त्याच मेनूत शोध अँटेनावर लावलाय की केबलवर, हेही बघून घ्या. केबल नेटवर्कमध्ये झटपट स्कॅन निवडला असेल तर टीव्ही एकाच मूळ फ्रिक्वेन्सीवरून बाकीच्यांचा पत्ता वाचतो. ती फ्रिक्वेन्सी किंवा सिम्बॉल रेट (सिग्नलमधून माहिती येण्याचा वेग) चुकला की सगळा शोध तिथेच संपतो. पूर्ण स्कॅन निवडून बघावा.

रिसेटचा एक तोटा मात्र कुणी सांगत नाही. काही संचांत अँटेनाच्या बूस्टरला केबलमधूनच 5 व्होल्ट देण्याची सोय असते. रिसेटनंतर ती पुन्हा बंद स्थितीत जाऊ शकते. म्हणजे तोवर निदान थोडं काही येत होतं, आता तेही गेलं, आणि मग 'बघा, ट्यूनरच गेलाय' म्हणायला सगळे मोकळे. ट्यूनिंगचा मेनू करडा पडून उघडतच नसेल, तर टीव्ही हॉटेल मोडमध्ये असण्याची शक्यता आहे. त्यात शोधाचे पर्याय कुलूपबंद असतात. हॉटेलातून निघालेल्या वापरलेल्या संचांत हे हमखास आढळतं.

पद्धत जुळत नसेल तर रिसेट काहीही करू शकत नाही. जर्मनीत 2017 मध्ये डीव्हीबी-टी सोडून टी-2 आणि एचईव्हीसी (चित्र दाबून पाठवण्याची नवी पद्धत) आलं, तेव्हा फक्त डीव्हीबी-टी समजणारे चांगले चालू टीव्ही शून्यावर आले. अमेरिकेत जून 2009 मध्ये मोठ्या स्टेशनांचं अ‍ॅनालॉग प्रक्षेपण थांबलं, जपानच्या बहुतेक भागात जुलै 2011 मध्ये. फक्त अ‍ॅनालॉग ट्यूनर असलेला संच तिथे कितीही शोधत बसला तरी त्याला सापडेल असं फारसं काही हवेत उरलेलंच नाही. असा संच दुरुस्त करण्यासारखा नसतोच, त्याला बाहेरून डिजिटल बॉक्स लागतो.

बूस्टरचं प्रकरण यापेक्षा गुंतागुंतीचं आहे. बूस्टर सिग्नलसोबत गोंगाटही (त्यात मिसळलेले नको ते संकेत) वाढवतो, आणि स्वतःचा थोडा गोंगाट भर घालतो. त्याचा खरा उपयोग केबलमध्ये जिरणारा सिग्नल भरून काढण्यासाठी. आरजी-6 या अँटेनाच्या नेहमीच्या केबलच्या 100 मीटरमध्ये यूएचएफच्या वरच्या टोकाला साधारण 20 डेसिबल जिरतात, म्हणजे शंभरातला एक भाग उरतो. त्यामुळे बूस्टर अँटेनाजवळ, खांबावर हवा. टीव्हीच्या मागे लावला तर वाटेत जे गेलं ते परत येत नाही.

आणि आधीपासून लावलेला बूस्टरच शून्याचं कारण असण्याची शक्यता बरीच. खांबावरच्या बूस्टरला वीज घरातल्या एका छोट्या अडॅप्टरमधून, त्याच केबलने वर जाते. साफसफाईत 'हा कशाचा प्लग आहे कोण जाणे' म्हणून कुणी तो काढला, की बूस्टर बंद. वीज नसलेला बूस्टर सिग्नल जवळपास अडवूनच धरतो. मधे नवा स्प्लिटर बसवला आणि त्यातून वीज पुढे जात नसली, तरी परिणाम तोच. प्रक्षेपक जवळ असेल तर उलटी गंमत होते: सिग्नल इतका जोरात येतो की ट्यूनर गुदमरतो. ताकदीची पट्टी टोकाला आणि दर्जा शून्य. तिथे बूस्टर काढून केबल सरळ जोडली की चॅनेल येतात. नवा बूस्टर आणण्याआधी जुना काढून बघा, एवढं तरी करा.

'फोर-के डिजिटल' अँटेना असा काही प्रकार नसतो. अँटेनाला चित्राचा दर्जा कळत नाही, तो धातू आहे. त्याला फ्रिक्वेन्सी, दिशा आणि कांड्यांचा आडवा-उभा कल एवढंच समजतं. जपानमध्ये 1926 मध्ये उदा आणि यागी या संशोधकांनी मांडलेला तो अनेक कांड्यांचा अँटेना आजही डिजिटल सिग्नल उत्तम पकडतो, जर तो त्या पट्ट्यासाठी बनवलेला असेल. 500 मेगाहर्ट्झला तरंगलांबी 60 सेंटिमीटर, म्हणजे अर्ध्या लांबीची कांडी 30 सेंटिमीटर. 200 मेगाहर्ट्झला तीच 75 सेंटिमीटर. तुमच्याकडची स्टेशनं व्हीएचएफवर, म्हणजे यूएचएफच्या खालच्या पट्ट्यात असतील तर खिडकीला चिकटवायचा तळहाताएवढा अँटेना, खोक्यावर काहीही छापलेलं असो, फार काही पकडणार नाही.

डिशवाल्यांसाठी यादीत अवाक्षर नाही. टीव्हीला थेट डिश जोडली असेल आणि स्कॅन शून्य असेल, तर आधी मेनूतलं एलएनबीचं (डिशसमोर बसवलेल्या, सिग्नल पकडणाऱ्या भागाचं) सेटिंग बघा. युनिव्हर्सल एलएनबीला 9750 आणि 10600 मेगाहर्ट्झ हे दोन आकडे लागतात, सी-बँड या खालच्या पट्ट्याच्या एलएनबीला 5150. आकडा चुकला तर डिश अचूक लागलेली असूनही टीव्ही भलत्याच फ्रिक्वेन्सीवर बघत बसतो. टीव्ही केबलमधून एलएनबीला 13 किंवा 18 व्होल्ट देतो, त्यावरून ध्रुवीकरण, म्हणजे कोणत्या कलाच्या लहरी घ्यायच्या ते ठरतं. मघाचा तो जाळीचा तंतू टेकला तर हा पुरवठाच शॉर्ट होतो. डिशच्या बाबतीत ताकदीच्या पट्टीवर भिस्त ठेवू नका. एलएनबीच्या स्वतःच्या गोंगाटानेही ती भरलेली दिसते. डिश जराशी हलली असली तरी ताकद तशीच आणि दर्जा शून्य. अशा वेळी दर्जाच्या पट्टीकडे बघत डिश केसभर केसभर हलवावी लागते, आणि दर हालचालीनंतर दोन-तीन सेकंद थांबावं लागतं, कारण पट्टी उशिरा हलते.

राहिलं वाय-फाय. अँटेनाच्या ट्यूनरचा आणि इंटरनेटचा एकमेकांशी संबंध नाही. वाय-फाय जोडल्यावर काही स्मार्ट टीव्हींत इंटरनेटवरून येणारी कंपनीची फुकट चॅनेल यादीत दिसू लागतात, आणि 'आली बघा चॅनेल' असं वाटतं. ती अँटेनावरची नसतात. राउटर बंद करून बघा. त्याबरोबर ती चालायची थांबली, तर अँटेनाचा प्रश्न अजून सुटलेला नाही.