जॉन बोगल आणि बाबांची फाइल

बाबा 2006 साली निवृत्त झाले. पीएफचे पैसे हातात आले आणि आठवड्याभरात ओळखीचा एक एजंट पेढे घेऊन घरी आला. त्याने गळ्यात मारलेल्या युलिपच्या, म्हणजे विमा आणि शेअर बाजार एकत्र बांधलेल्या पॉलिसीच्या, पहिल्या हप्त्यातून बरीच रक्कम आधीच कापून घेतली होती आणि उरलेलीच बाजारात गेली होती. हे आम्हाला कळलं तीन वर्षांनी, मी ती फाइल घेऊन बसले तेव्हा. बाबांनी एवढंच विचारलं, "हे कागदावर लिहिलेलं होतं का गं?" लिहिलेलं होतं. तेव्हापासून आपले पैसे सांभाळण्याबद्दल कोण किती घेतं, ते मी शोधून वाचते. त्या वाचनातच जॉन बोगल भेटले.

व्हॅनगार्ड या अमेरिकन फंड कंपनीचे संस्थापक. सामान्य माणसासाठी पहिला इंडेक्स फंड, म्हणजे बाजाराच्या निर्देशांकातले शेअर जसेच्या तसे घेऊन ठेवणारा फंड, आणणारे. त्यांची ओळख एवढ्यावरच आटोपते, आणि माझी तक्रार तीच आहे. त्यांचं खरं मोठं काम इंडेक्स फंडाच्याही आधीचं आहे.

जन्म 1929 चा, न्यू जर्सीतला. महामंदीत घरची सुबत्ता गेली, वडील दारूच्या आहारी गेले. शिष्यवृत्तीवर आणि वाढप्याचं काम करत मुलगा शिकला. प्रिन्स्टनला प्रबंधाचा विषय घेतला म्युच्युअल फंडांचा, म्हणजे अनेकांचे पैसे एकत्र करून गुंतवणाऱ्या फंडांचा, तोही त्या धंद्याकडे फारसं कोणी बघत नव्हतं अशा काळात. 1951 मध्ये वॉल्टर मॉर्गन यांनी त्यांना फिलाडेल्फियात आपल्या वेलिंग्टन कंपनीत घेतलं.

पुढचा भाग मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण बोगल इथे साफ चुकले. साठच्या दशकात झटपट वाढणाऱ्या फंडांची लाट आली होती. वेलिंग्टन हा शेअर आणि रोखे दोन्ही बाळगणारा सावध फंड मागे पडत होता. बोगलनी 1966 मध्ये बॉस्टनच्या तेजीवाल्या मंडळींशी कंपनीचं विलीनीकरण केलं. 1973-74 ची मंदी आली आणि सगळं कोसळलं. त्याच भागीदारांनी जानेवारी 1974 मध्ये बोगलना कंपनीतून काढून टाकलं. ही आपल्या आयुष्यातली मोठी चूक होती, हे ते पुढे जन्मभर उघडपणे सांगत राहिले. पैशाच्या धंद्यात असं बोलणारी माणसं मी फार पाहिलेली नाहीत.

पण फंड वेगळा आणि तो चालवणारी कंपनी वेगळी. फंडांचं स्वतःचं संचालक मंडळ होतं आणि तिथे बोगल अजून अध्यक्ष होते. ते थेट त्या मंडळाकडे गेले आणि म्हणाले, फंडांनी आपला कारभार स्वतःच का करू नये? बऱ्याच वादावादीनंतर सप्टेंबर 1974 मध्ये व्हॅनगार्ड स्थापन झाली. नाव ब्रिटिश नौदलाचा सेनानी नेल्सन याच्या जहाजावरून घेतलेलं. तिची मालकी फंडांकडे, म्हणजेच त्या फंडांत पैसे ठेवणाऱ्या लोकांकडे. वरकड नफा काढून घेणारा मालकच नाही. खर्च वाचला की तो युनिटधारकाच्या, म्हणजे फंडात पैसे ठेवणाऱ्याच्या, पदरात. आपल्या सहकारी दूध संघांची कल्पना ज्यांना आहे, त्यांना हे लगेच कळेल.

मात्र तडजोड म्हणून नव्या कंपनीला फक्त हिशेब, नोंदी, पत्रव्यवहार एवढंच करायची मुभा होती. गुंतवणुकीचे निर्णय जुन्या कंपनीकडेच. मग बोगलनी युक्तिवाद केला: निर्देशांकातले शेअर त्याच प्रमाणात घेऊन ठेवणारा फंड आणला, तर त्यात कोणी निर्णय घेतच नाही, मग अट मोडते कुठे? अर्थशास्त्रज्ञ पॉल सॅम्युएलसन यांनी 1974 मध्ये असा फंड कोणीतरी काढावा असं लिहिलंच होतं. 1976 च्या ऑगस्टमध्ये फंड बाजारात आला. अपेक्षा होती 15 कोटी डॉलरची, जमले 1 कोटी 13 लाख. अमेरिकेतल्या पाचशे बड्या कंपन्यांच्या एस अँड पी निर्देशांकातले पाचशेच्या पाचशे शेअर घ्यायलाही ते पुरेनात. दलालांनी सुचवलं, गुंडाळा. बोगल नाही म्हणाले. धंद्यातले लोक त्याला 'बोगलचा वेडेपणा' म्हणत. पुढच्याच वर्षी त्यांनी विक्रीवरचं कमिशनही बंद केलं.

हा हट्ट कशासाठी, ते आकड्यांत बघा. 1 लाख रुपये 30 वर्षं 12 टक्क्यांनी वाढले तर जवळपास 30 लाख होतात. त्यातला फक्त दीड टक्का दरवर्षी खर्चात गेला, तर हातात राहतात सुमारे 20 लाख. भांडवल तुमचं, जोखीम तुमची, आणि तिसरा हिस्सा दुसऱ्याचा! बोगल आयुष्यभर हेच सांगत राहिले: बाजार जे देतो त्यातून खर्च वजा जाता उरेल ते आपलं, म्हणून आधी खर्च कापा.

आणि हे सगळं कमजोर हृदय घेऊन. पहिला झटका 31 व्या वर्षी, टेनिस खेळताना. 1996 मध्ये हृदय प्रत्यारोपण. त्यानंतर जवळजवळ 23 वर्षं ते लिहीत, बोलत, भांडत राहिले. 16 जानेवारी 2019 ला वयाच्या 89 व्या वर्षी गेले, तेव्हा व्हॅनगार्डकडे सुमारे 5 लाख कोटी डॉलर होते. एवढी कंपनी उभी करूनही ते स्वतः अब्जाधीश झाले नाहीत, कारण मालकी त्यांनी स्वतःकडे ठेवलीच नव्हती. वॉरन बफे यांनी म्हटलं होतं की अमेरिकन गुंतवणूकदारांसाठी सर्वाधिक केलेल्या माणसाचा पुतळा उभारायचा झाला, तर तो बोगल यांचाच. जाण्याआधी दोनच महिने बोगलनी जाहीर इशारा दिला होता, की इंडेक्स फंडांमुळे मोजक्या संस्थांच्या हाती कंपन्यांमधली फार मोठी मतं एकवटतील. आपल्याच कामातला धोका त्यांनी झाकला नाही.

आपल्याकडे काय झालं? बाजाराची नियामक संस्था सेबीने 2009 मध्ये एंट्री लोड, म्हणजे फंडात पैसे घालतानाच कापली जाणारी रक्कम, बंद केला, 2013 पासून एजंटच्या कमिशनशिवायचे डायरेक्ट प्लॅन आले, इंडेक्स फंडही ढीगभर आहेत. या सुधारणांचं मला मनापासून कौतुक आहे. पण आपण फंड उचलला, मालकीची रचना नाही. आपल्या फंड कंपन्यांमागे प्रायोजक, म्हणजे ती कंपनी काढणारे मालक, असतात, काही कंपन्या तर स्वतःच शेअर बाजारात नोंदलेल्या आहेत. त्यांच्या भागधारकाला जास्त फी हवी, तुम्हा-आम्हा युनिटधारकांना कमी. या ओढाताणीवर कोणी बोलत नाही. सहकाराची एवढी जुनी परंपरा असलेल्या महाराष्ट्रात तरी हा प्रश्न विचारला जायला हवा होता.

बाबांची ती पॉलिसी आम्ही केव्हाच बंद केली. उरलेले पैसे त्यांनी मला विचारून एका इंडेक्स फंडाच्या डायरेक्ट प्लॅनमध्ये ठेवले. स्टेटमेंट आलं की आता ते एनएव्हीच्या, म्हणजे एका युनिटच्या किमतीच्या, आधी एक्स्पेन्स रेशो, म्हणजे शंभर रुपयांमागे वर्षाला किती खर्च कापतात ते, बघतात, भिंग घेऊन. मागच्या महिन्यात फोन केला, "अगं, पाच पैशांनी वाढवलाय यांनी. का वाढवलाय, विचार ना."