कॅमेरा कोणाकडे वळवायचा?

निसर्गपटांसाठी ओळखले जाणारे डेव्हिड ॲटनबरो यांचा ‘ओशन’ हा समुद्रावरचा माहितीपट मे २०२५मध्ये इथे ब्रिटनमध्ये थिएटरात लागला. तळ खरवडत जाणारं ट्रॉल जाळं त्यात पाण्याखालून दाखवलं आहे. जड साखळी पुढे सरकते, गाळाचा लोट उठतो आणि वाटेत येईल ते जाळ्यात जातं. यातलं बरंचसं पुढे नको म्हणून फेकूनच देतात. महिन्याभरात, फ्रान्समधल्या नीसला भरलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या महासागर परिषदेच्या सुमारास, सरकारने इंग्लंडच्या ४१ संरक्षित सागरी क्षेत्रांत अशा मासेमारीवर बंदी घालायचा प्रस्ताव मांडला. म्हणजे तोवर ‘संरक्षित’ क्षेत्रातही ट्रॉलर खुशाल फिरत होते!

ही बातमी मी घरच्या ग्रुपवर टाकली. मालवणच्या मावसभावाने लिहिलं, “आमका कसलो पिक्चर दाखवतस? रात्री येवन किनाऱ्यार उभो ऱ्हव.”

त्याचं बरोबर आहे. इथल्या मतदाराला समुद्राचा तळ कधी दिसत नाही, म्हणून चित्रपटाने फरक पडतो. रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं जाळं, ओढणाऱ्याला मात्र प्रखर दिव्यांनी मासे गोळा करणाऱ्या एलईडी बोटींचा उजेड घरच्या अंगणातून दिसतो आणि सकाळी रिकामं जाळंही दिसतं. कायद्याचं म्हणाल, तर पर्ससीनवर, म्हणजे माशांच्या अख्ख्या थव्याला वेढणाऱ्या जाळ्यावर, महाराष्ट्राने २०१६मध्ये निर्बंध घातले, एलईडी मासेमारीवर केंद्राने २०१७मध्ये बंदी आणली, २०२१मध्ये राज्याने दंड वाढवला. गस्त घालणारी बोट वेळेवर पोचेल तर ना!

तरीही ‘आपल्याकडे माहितीपटाने काय होणार’ हे मला पटत नाही. माहितीपटकार माइक पांडे यांनी गुजरातच्या किनाऱ्यावरची व्हेल शार्कची कत्तल चित्रित केली आणि २००१मध्ये त्या माशाला वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, म्हणजे सर्वांत कडक संरक्षणाच्या यादीत, जागा मिळाली. पण कोळ्यांनी जाळं कापून मासा सोडायला सुरुवात केली ती पुढच्या कामामुळे. कथाकार मोरारी बापूंनी त्या माशाला बाळंतपणाला माहेरी आलेली लेक म्हटलं आणि कापलेल्या जाळ्याची भरपाई मिळू लागली. महाराष्ट्रातही जाळं कापून संरक्षित जीव सोडला तर सरकार भरपाई देतं. पोटावर पाय न देता केलेलं संवर्धन टिकतं, हा माझा अनुभव नाही, पण गुजरातमधल्या वेरावळ बंदराचा आहे.

कोकणावर माहितीपट निघालाच, तर कोळ्याला समुद्र शिकवायच्या भानगडीत पडू नये. तो मुंबई-पुण्याच्या खवय्यांसाठी काढावा. पापलेट २०२३मध्ये राज्यमासा झाला, त्याच वर्षी ५४ जातींच्या माशांसाठी पकडण्याचा किमान आकार ठरला, आणि बाजारात तळहातात मावणारी पापलेटं अजून वाट्यावर विकली जातात. घेणारे आपणच.

आणि कॅमेरा बंदरावरही फिरवावा. अडचण तिथेच आहे. एलईडीची बोट कोणाची, हे धक्क्यावर पोराटोरांनाही ठाऊक असतं. कॅमेऱ्यासमोर नाव कोण घेणार?