केसाच्या तुकड्यावर खुन्याचे नाव लिहिलेले नसते

"कलिन्याच्या सरकारी फॉरेन्सिक लॅबमध्ये केसाचा एक तुकडा दिला की वीस वर्षांपूर्वीचा खुनीसुद्धा चोवीस तासांत नावानिशी कळतो; तरीही जुने खून उकलत नाहीत, म्हणजे तज्ज्ञ विकले गेले आहेत," असा मजकूर मुंबईतल्या अनेक व्हॉट्सअ‍ॅप गटांवर फिरत आहे. ज्यांचे माणूस गेले आणि ज्यांना अजून उत्तर मिळालेले नाही, अशी कुटुंबेही तो वाचतात, म्हणून त्याचे उत्तर देणे मला आवश्यक वाटते.

पहिला मुद्दा नावाचा. डीएनए चाचणी म्हणजे तुलना. संशयिताचा नमुना हाती नसेल, तर जुळवायचे कशाशी? डीएनएच्या राष्ट्रीय नोंदसंग्रहाची तरतूद असलेले विधेयक २०१९ मध्ये लोकसभेत मांडले गेले आणि २०२३ मध्ये मागे घेण्यात आले. त्यातही गळून पडलेल्या, मूळ नसलेल्या केसातून बहुधा मायटोकाँड्रियल डीएनएच (फक्त आईकडून मुलांकडे जाणारा डीएनए) मिळतो, आणि तो आई, तिची सर्व मुले, मावशी व मावसभावंडे यांच्यात सारखाच असतो. इंग्लंडमधील कॉलिन पिचफोर्क या खुन्याच्या खटल्यात, जिथे या तंत्राने प्रथम खुनी सापडला, तिथेही चाचणीने आधी गुन्हा कबूल केलेल्या एका निरपराध तरुणाला सोडवले. हजारो पुरुषांचे नमुने तपासूनही खरा आरोपी पिचफोर्क सापडला नाही; तो हाती लागला, तो त्याच्याऐवजी रक्त देणाऱ्या सहकाऱ्याच्या तोंडून ती गोष्ट बाहेर पडल्यावर, १९८७ मध्ये.

चोवीस तासांचे म्हणणे तर जुने हाड हाताळणाऱ्या कोणालाही पटणार नाही. मांडीच्या हाडाचा तुकडा आधी बाहेरून घासून स्वच्छ केला जातो, कारण त्याला माती, जिवाणू आणि हाताळणाऱ्यांचाही अंश चिकटलेला असतो. मग त्याची पूड करतात, तिच्यातले कॅल्शियम काढून टाकण्यासाठी ती द्रावणात ठेवतात, आणि एवढे करूनही हाती आलेला डीएनए तुटका असेल, तर सगळे पुन्हा करावे लागते.

"विकले गेले" हा आरोप पुराव्याशिवाय करणे अन्यायाचे आहे. तज्ज्ञाला मिळते ते पोलिसांच्या मालखान्यातून, म्हणजे जप्त वस्तूंच्या कोठारातून, आलेले गाठोडे. रक्ताळलेला सदरा सावलीत वाळवून कागदी पाकिटात ठेवायचा असतो. तोच ओला असताना जुलैच्या दमट हवेत प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधला, तर बुरशी आणि जिवाणू डीएनए खाऊन टाकतात. लाखेचे सील तुटलेले असेल, तर निष्कर्ष अचूक असूनही न्यायालयात त्यावर प्रश्नचिन्ह लागते.

अहवालांना होणाऱ्या विलंबाबद्दलचा संताप मात्र रास्त आहे, आणि तो व्यक्त झालाच पाहिजे. खुनाचा खटला दाखल करण्याला कायद्याने कालमर्यादा नाही. त्यामुळे संबंधित कुटुंबाने पोलीस ठाण्यात लेखी विचारावे, की आपल्या प्रकरणातला मुद्देमाल आज कुठे आणि कोणत्या स्थितीत आहे, आणि त्याच्या फेरतपासणीची मागणी करावी.