‘पाव’ पायावरून आलेला नाही

नाशिकच्या मिसळप्रेमींच्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय: पीठ पायाने तुडवतात म्हणून त्याला ‘पाव’ म्हणतात, मिसळीबरोबर तो खाऊ नका. ही व्युत्पत्ती चुकीची आहे.

पोर्तुगीज भाषेत ब्रेडला ‘पांव’ म्हणतात. 1510 मध्ये पोर्तुगीजांनी गोवा घेतला, त्यांच्याबरोबर हा पदार्थ आला आणि नावही. गोव्यात पाववाल्याला आजही ‘पदेर’ म्हणतात, तोही त्यांच्याच भाषेतला शब्द. पीठ कसं मळलं याचा नावाशी काही संबंध नाही.

गोंधळ होतो तो दुसऱ्या ‘पाव’मुळे. पाव किलो, पावशेर यांतला पाव म्हणजे चौथा हिस्सा. तो मात्र खरोखर संस्कृत ‘पाद’ म्हणजे पाय यावरूनच आला, कारण जनावराचा एक पाय म्हणजे चारातला एक. सव्वा म्हणजे सपाद (पावासह एक), पाऊण म्हणजे पादोन (पाव कमी एक). सगळी एकाच घरातली भावंडं. (बोलीत ‘पावशेर मारून आलाय’ म्हणजे दारू पिऊन आलाय, तेही मापावरूनच.) ‘देव पावला’ मधला पाव तर क्रियापद आहे, तो आणखी वेगळा.

पहाटे भट्टीसमोर घाम गाळणाऱ्या बेकरीवाल्यांवर असा डाग लावणं मला फार लागलं. तो मेसेज पुढे पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर हा खुलासाही टाका.