लेकरांची परीक्षा वावरात घ्या

दादाचा फोन आला तेव्हा इथं अमेरिकेत, नेब्रास्कात, सकाळचे सहा वाजले होते. एवढंच म्हणाला, "नाल्याकडचं रान गेलं गं, खाली मुरूम उघडा पडलाय." सप्टेंबर २०२५ चा तो पाऊस, ज्यानं बीड, धाराशिव, लातूर सगळीकडं शेतं खरडून नेली, त्यात आमचं अंबाजोगाई तालुक्यातलं दीड एकर पण गेलं. सोयाबीन पुढच्या वर्षी परत पेरता येतं, माती कुठून आणायची? सरकारनं खरडलेल्या जमिनीला हेक्टरी ४७ हजार रोख आणि नरेगातून ३ लाखांपर्यंत जाहीर केलं, ते मिळालं तरी गाळ आणून टाकता येईल, पण आबांनी चाळीस वर्षं शेणखत घालून केलेली ती काळी काही परत येत नाही.

त्याच पंधरवड्यात भाच्याचा फोटो आला. शाळेत जलसंधारणावर चित्रकला स्पर्धा झाली, त्याचा पहिला नंबर. चित्रात एक नळ, नळातून पडणारा थेंब, थेंबात हिरवी पृथ्वी. पोरगं खूश होतं, मी पण कौतुक केलं आणि ते मनापासून केलं, हात छान आहे त्याचा. पण फोन ठेवल्यावर मला बसवेना. आपल्या गावात नळाला आठवड्यातून एकदा पाणी येतं आणि ह्या लेकराच्या स्वतःच्या वावरातली माती नुकतीच वाहून गेलीय, त्याच्या चित्रात माती कुठंच नाही. आम्ही पण हेच केलं होतं, 'पाणी अडवा पाणी जिरवा' ह्या निबंधावर मला सातवीत बक्षीस मिळालेलं, आणि पाणी नेमकं कुठं जिरतं, मुरमात किती आणि चिकणमातीत किती, हे मला तेव्हा कुणी विचारलं असतं तर एक ओळ सांगता आली नसती.

आमच्या गावाकडच्या ग्रुपवर तेव्हा वाद पेटला होता. एकाचं म्हणणं, इतकी वर्षं चर खोदले, स्पर्धा झाल्या, गाव पेटून उठलं, शेवटी काय झालं, पाऊस आला आणि सगळं घेऊन गेला. दुसरा म्हणाला वॉटर कपमुळंच, म्हणजे पानी फाउंडेशनच्या गावागावांतल्या जलसंधारण स्पर्धेमुळंच, काही शिवारं वाचली. मला ह्यात दोन गोष्टी वेगळ्या कराव्या वाटतात. २०१६ ला पहिला वॉटर कप झाला तेव्हा तीनच तालुके होते, वरूड, कोरेगाव आणि आपलं अंबाजोगाई, आणि त्या उन्हाळ्यात लोकांनी जे श्रमदान केलं ते मी सुट्टीवर आलेली असताना डोळ्यानं बघितलंय, तसं काही मला इथं अमेरिकेत अजून दिसलेलं नाही. पुढं पुढं तर त्यात माती परीक्षणाला आणि पाण्याच्या ताळेबंदाला पण गुण होते. दुसरीकडं सरकारच्या जलयुक्त शिवार योजनेत जेसीबी लावून नाले खोल करायची जी घाई झाली त्यावर औरंगाबादचे अर्थतज्ज्ञ एच. एम. देसरडा कोर्टात गेले होते, आणि २०२० ला सरकारी खर्च तपासणाऱ्या कॅगनं पण लिहिलं की ९,६३३ कोटी खर्चून भूजल वाढल्याचं फारसं दिसत नाही. माथा सोडून पायथ्याला खोदत बसलं की हेच होणार, उतारावरची माती अडवलीच नाही तर ती नाल्यातच येऊन बसणार. पण हा सगळा वाद मोठ्या माणसांचा आहे, लेकरं त्यात कुठंच नाहीत, त्यांच्या वाट्याला घोषवाक्य आणि रंगपेटी.

इथं लिंकनला माझी मुलगी हायस्कूलमध्ये आहे. ऑक्टोबरमध्ये ती लँड जजिंगच्या, म्हणजे जमीन पारखायच्या स्पर्धेला गेली, मी सोडायला गेले आणि थांबले. एका शेतात माणसाच्या छातीएवढा खड्डा खणलेला, भिंतीत मातीचे थर उघडे दिसतायत, आणि पोरं हातात कार्ड घेऊन आत उतरतायत. वरची माती किती जाड, पोत कसला, उतार किती टक्के, किती धूप झालीय, पाणी आत किती वेगानं मुरेल, मग ही जमीन पहिल्या ते आठव्या वर्गात कुठं बसते आणि इथं काय करायला पाहिजे, समपातळीत पेरणी, बांध, का नुसतं गवत ठेवायचं. माझी लेक ओली माती अंगठ्या-बोटात दाबून तिची पट्टी काढत होती, लांब निघाली तर चिकण जास्त, लगेच तुटली तर रेती जास्त. ते बघून मला आबाच आठवले. वाफसा आला का बघायला ते मूठभर माती दाबून गोळा करायचे आणि सोडून द्यायचे, फुटला की म्हणायचे, चला, पेरा. म्हणजे हे ज्ञान आपल्याकडं होतंच, फक्त त्याला कुणी कधी मार्क दिले नाहीत.

स्पर्धा संपल्यावर परीक्षक परत खड्ड्यात उतरतो आणि प्रत्येक उत्तर मातीवर बोट ठेवून समजावतो. हार-जीत झाली ती झाली, पण चुकलेल्या पोराला कळतं की आपण कुठं चुकलो.

नेब्रास्कात ह्या स्पर्धांमागं नॅचरल रिसोर्सेस डिस्ट्रिक्ट नावाची मंडळं असतात, सध्या २३ आहेत, नद्यांच्या खोऱ्यांप्रमाणं आखलेली, त्यांचे सदस्य लोक निवडून देतात आणि त्यांचा स्वतःचा कर असतो. ती सुरू झाली १९७२ ला. आपल्याकडं बहात्तर म्हटलं की दुष्काळ, सुकडी आणि खडी फोडणं, आजी त्याच्या गोष्टी सांगायची, आणि त्याच वर्षी इथं लोक पाणी-मातीचा कारभार खोऱ्यावार वाटून घेत होते. त्यांना पण हे सहज सुचलेलं नाही. तीसच्या दशकात इथल्या मैदानी राज्यांची माती अशी उडाली की १९३५ ला ती धूळ वॉशिंग्टनपर्यंत पोचली, आणि त्याच एप्रिलमध्ये मृदसंधारणाचा कायदा झाला.

पण तिकडं सगळं बरोबर आणि आपलं सगळं चूक असं मला म्हणायचं नाही, कारण इथं विहिरीच्या पाण्यात नायट्रेट वाढलंय, मक्याला खत ओतणं काही थांबत नाही, ओगलाला नावाचा प्रचंड जलसाठा आहे तो कितीतरी भागात उपसून खाली चाललाय. लँड जजिंग शिकलेल्या पिढ्यांच्या राज्यातच हे चाललंय. नुसत्या स्पर्धेनं माती वाचत नाही हे मला मान्य आहे. तरी ज्या लेकराला माती ओळखता येते ते मोठं झाल्यावर ग्रामसभेत ठेकेदाराला विचारू शकतं की बंधारा इथंच का, वर का नाही.

आपल्याकडं नववी-दहावीला जलसुरक्षा विषय आहे, पुस्तक आहे, श्रेणी पण मिळते. माझं म्हणणं, त्यातली एक परीक्षा तालुक्याच्या शिवारात घ्या. परभणीला कृषी विद्यापीठ आहे, संभाजीनगरला वाल्मी ही पाणी आणि जमीन व्यवस्थापन शिकवणारी संस्था, जालन्याला खरपुडीचं कृषी विज्ञान केंद्र, ज्यांच्या पाणलोटाच्या कामातून कडवंची हे गाव उभं राहिलं. परीक्षक ह्यांच्यातला एक आणि गावातला एक म्हातारा शेतकरी, दोघांचे गुण सारखे. प्रश्न पण आपलेच काढा. २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून लातूरला जी पहिली पाण्याची रेल्वे आली तिच्यात ५ लाख लिटर होतं. एका हेक्टरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे १० हजार लिटर. मग लेकरांना विचारा, ती अख्खी रेल्वे म्हणजे अडीच एकरावरचा किती पाऊस? ५० मिलिमीटर. एका दुपारच्या पावसात पडतो तेवढा. हे गणित ज्यानं स्वतः केलं त्याची पाऊस बघायची नजर बदलते, माझी बदलली, आणि मी लातूरला कॉलेज केलेली बाई आहे.

दादाशी बोलले. मे महिन्यात मी येतेय, नाल्याकडच्या रानात तीन खड्डे घ्यायचे, एक वर बांधाजवळ, एक मधे, एक जिथं मुरूम उघडा पडलाय तिथं. भाचा आणि त्याच्या वर्गातली पोरं येणार आहेत. दादा म्हणाला, खालच्या खड्ड्यात त्यांना दाखवायला काहीच उरलं नाही. मी म्हटलं तोच आधी दाखवू.