दातातला निळा रंग

जर्मनीत डालहाइम इथे पूर्वी बायकांचा एक छोटा मठ होता. चौदाव्या शतकातल्या लढायांच्या धामधुमीत तो जळाला. पुस्तकं गेली, मागे राहिली दफनभूमी. तिथल्या एका बाईच्या दातांवरचं किटण शास्त्रज्ञ तपासत होते, त्या काळी माणसं काय खात-पीत होती ते कळावं म्हणून. सूक्ष्मदर्शकाखाली किटणात निळे कण दिसले. तपासणीत निघालं की ते लाजवर्दाचे, म्हणजे लॅपिस लाझुलीचे. हा दगड तेव्हा अफगाणिस्तानातल्या खाणींतून युरोपात यायचा. त्याच्यापासून केलेला रंग सोन्याच्या भावाचा, त्यामुळे तो मोजक्या, मौल्यवान पोथ्यांसाठीच वापरायचे.

हे संशोधन जानेवारी २०१९ मध्ये प्रसिद्ध झालं. बाई अकराव्या-बाराव्या शतकाच्या आसपासची, वय पंचेचाळीस ते साठच्या मधलं. संशोधकांना सगळ्यात पटणारं उत्तर असं की ती पोथ्या रंगवायची आणि कुंचल्याचं टोक बारीक करायला तो ओठांत धरायची. वर्षानुवर्षं. एवढा महागडा रंग कोणी ऐऱ्यागैऱ्याच्या हातात देत नाही, म्हणजे हात तयार असणार.

वाचल्यापासून ती बाई माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. तिचं नाव कुणालाच माहीत नाही. जुन्या पोथ्यांची चित्रं बघताना मी आजवर न विचारता धरून चालले होते की हे सगळं पुरुष साधूंनी केलं. आपण सगळेच तसं धरून चालतो. आणि नन म्हटलं की खाली मान, हातात जपमाळ, वरून आलेली आज्ञा पाळणारी बाई. मला या समजुतीचा मनापासून राग येतो. गेली काही वर्षं या बायकांचा इतिहास वाचतेय, आणि मला तरी दिसतं ते हे की आधी त्यांनी काम उभं केलं, आणि परवानगी फार मागाहून आली. कधी मरणाच्या दारात, कधी तीन-तीनशे वर्षांनी.

सुरुवातच बघा. बायबलमध्ये, ख्रिस्ताचा प्रचारक पौल याच्या रोमकरांस पत्रात फिबी नावाच्या बाईचा उल्लेख आहे आणि मूळ ग्रीकमध्ये तिच्यासाठी ‘डायाकोनोस’ हा शब्द आहे. याच शब्दावरून पुढे डीकन हे चर्चमधलं अधिकाराचं पद तयार झालं. भाषांतरांत मात्र फिबी बहुतेकदा ‘सेविका’च होते. चौथ्या शतकातली पावला ही रोमची श्रीमंत विधवा. तिने बेथलेहेममध्ये स्वतःच्या पैशाने मठ बांधले, हिब्रू शिकली आणि जेरोम या विद्वान साधूच्या बायबल भाषांतराला आधार दिला. नाव झालं जेरोमचं.

मग ५१२ साली फ्रान्समधल्या आर्लचा बिशप, म्हणजे तिथला मुख्य धर्मगुरू, सीझेरियस याने आपल्या बहिणीच्या मठासाठी नियमावली लिहिली. मला हा कागद फार महत्त्वाचा वाटतो, कारण त्यात दोन गोष्टी एकत्र आहेत. एक म्हणजे मठातल्या प्रत्येक ननने वाचायला शिकायचं आणि रोज दोन तास वाचन करायचं. सहाव्या शतकात, जेव्हा मोठमोठ्या सरदारांना अक्षरओळख नसायची! आणि दुसरी, एकदा आत आली की मरेपर्यंत बाहेर पाऊल टाकायचं नाही. एका हाताने पुस्तक दिलं आणि दुसऱ्या हाताने दार लावलं. पुढची हजार-बाराशे वर्षं या दोन गोष्टींची ओढाताण चालली.

मध्येमध्ये दार बरंच किलकिलंही झालं. इंग्लंडात व्हिटबीला हिल्डा ही स्त्री-पुरुष दोघांच्या मठाची प्रमुख होती, ६६४ ची मोठी धर्मसभा तिच्याकडे भरली आणि तिच्या हाताखाली शिकलेले पाच जण बिशप झाले. स्पेनमध्ये बुर्गोसजवळच्या लास वेल्गास मठाची प्रमुख तर कुठल्याच बिशपला जुमानायची नाही, थेट पोपलाच उत्तर द्यायची, आणि हा अधिकार १८७३ पर्यंत टिकला. पण १२९८ मध्ये पोप बोनिफेस आठवा याने फर्मान काढलं की सगळ्या नन्स कायमच्या आत. १५६३ मध्ये ट्रेंटच्या धर्मसभेने त्यावर पुन्हा शिक्कामोर्तब केलं.

इटलीतली क्लेअर ऑफ असिसी, नन्सच्या एका पंथाची संस्थापिका, बोनिफेसच्या त्या फर्मानाच्या आधीची. तिला जमीन नको होती, ठेव नको होती, काहीच मालकीचं नको होतं. पोपना काळजी, की आत राहणाऱ्या बायका खाणार काय? पोप ग्रेगरी नववा तिला म्हणाला, तुझ्या व्रतातून तुला मोकळं करतो. तिचं उत्तर तिच्या जुन्या चरित्रात आलंय: मला माझ्या पापांतून मोकळं करा, ख्रिस्ताच्या मागे जाण्यातून नको. शेवटी तिने नियमावली स्वतः लिहिली. बायकांसाठी बाईनेच लिहिलेली आणि पोपने मान्य केलेली ही पहिली नियमावली. मान्यतेचा कागद निघाला ९ ऑगस्ट १२५३ ला. ती गेली ११ ऑगस्टला. चाळीसेक वर्षांचा हट्ट, आणि कागद निघाल्यावर आयुष्य उरलं फक्त दोन दिवसांचं.

आणि मेरी वॉर्ड. तिच्याबद्दल मी कितीही बोलू शकते. यॉर्कशायरची कॅथलिक मुलगी, जन्म १५८५ चा. जेझुइट म्हणजे मठात न कोंडता बाहेर फिरून शिकवणारे व्रतस्थ पुरुष. तिला त्यांच्यासारखं बायकांचं मंडळ हवं होतं. मठाची भिंत नको, ठरावीक झगा नको, मुलींसाठी शाळा काढायच्या आणि गावोगाव फिरायचं. परवानगी मागायला ती १६२१ मध्ये आल्प्स ओलांडून चालत रोमला गेली. शाळा निघाल्या आणि चालल्याही. विरोधकांनी या बायकांना ‘उधळलेल्या पोरी’ म्हणून हिणवलं. १६३१ मध्ये पोपने मंडळ बरखास्त केलं आणि तिला पाखंडी ठरवून म्युनिकमध्ये कोंडलं. कुठे, तर क्लेअरच्याच पंथाच्या मठात.

ती तिथे सुमारे दोन महिने होती, बरीच आजारी. बाहेरच्या मैत्रिणींना तिने पत्रं लिहिली ती लिंबाच्या रसाने. सामान गुंडाळून यायचं-जायचं त्या साध्या कागदांवर. वरवर कोरा कागद. मैत्रिणींनी तो विस्तवाजवळ धरला की अक्षरं तपकिरी होऊन वर यायची. अशी वीसेक पत्रं आजही टिकून आहेत. पुढे १७४९ मध्ये पोपने तिच्या वारसदार बायकांच्या कामाला वाट दिली, पण तिला संस्थापिका म्हणायला मनाई केली. ती मनाई उठली १९०९ मध्ये.

तिच्याच काळात फ्रान्समध्ये लुईज द मारिलॅक ही विधवा आणि व्हिन्सेंट द पॉल हा धर्मगुरू यांनी वेगळी वाट काढली. १६३३ मध्ये सुरू केलेल्या मंडळातल्या बायकांना त्यांनी नन म्हणवूनच घेऊ दिलं नाही, कारण नन म्हटलं की भिंत आली. व्रतं वर्षावर्षाने घ्यायची. व्हिन्सेंटचं सांगणं होतं, आजाऱ्यांची घरं हाच तुमचा मठ, शहरातले रस्ते हेच तुमचं आवार. आज आपण शाळेत, दवाखान्यात ज्यांना ‘सिस्टर’ म्हणतो त्या याच वाटेने आल्या. अशा बायकांच्या मंडळांना चर्चच्या कायद्यात खरं व्रतस्थ म्हणून पूर्ण मान्यता मिळायला १९०० साल उजाडलं.

हे सगळं अभिमानाने लिहितेय म्हणून दुसरी बाजू झाकणार नाही. व्हेनिसमध्ये लग्नाचा हुंडा परवडेना म्हणून मुलींना सर्रास मठात टाकत, तिथला हुंडा कमी पडायचा. आर्कांजेला ताराबोत्ती अशीच आत ढकललेली. तिने बापांच्या जुलमावर आतूनच पुस्तक लिहिलं. ते तिच्या मृत्यूनंतर १६५४ मध्ये छापलं गेलं आणि चर्चच्या बंदी-यादीत गेलं. मठातही मोठा हुंडा आणणारी लॅटिन प्रार्थना म्हणायची आणि गरीब घरची भांडी घासायची. आणि आयर्लंडच्या मॅग्डालेन लाँड्र्या! ‘वाया गेलेल्या’ ठरवलेल्या मुलींना कोंडून बिनपगारी धुणं धुवायला लावलं. त्यातली शेवटची १९९६ मध्ये बंद झाली, सरकारने माफी मागितली २०१३ मध्ये. तिथल्या किल्ल्या नन्सच्याच कमरेला होत्या. भिंतीचा जाच माहीत असलेल्या बायकांनी दुसऱ्या बायकांभोवती भिंत बांधली, याचं मला राहून राहून वाईट वाटतं, आणि धर्माच्या नावाने त्याची सफाई मी तरी देणार नाही.

६ जानेवारी २०२५ ला पोप फ्रान्सिसनी सिस्टर सिमोना ब्राम्बिला यांना व्हॅटिकनच्या एका खात्याचं प्रमुख केलं. इतक्या वरच्या पदावर बाई पहिल्यांदाच. सोबत एक कार्डिनलही, म्हणजे पोपच्या खालोखालचे धर्मगुरू, नेमले, प्रो-प्रीफेक्ट, म्हणजे सह-प्रमुखासारखे म्हणून, आणि ते वाचून मी जरा खट्टू झाले. पण खातं कुठलं ते बघा. जगभरच्या व्रतस्थ मंडळांचं. मंडळांना मान्यता, त्यांच्या नियमावल्यांना मंजुरी, ही कामं याच खात्याची. क्लेअरने मरेपर्यंत ज्या कागदाची वाट पाहिली, तसे कागद आता एका सिस्टरच्या टेबलावर येतात.